कपाटात राहिलेला आवाज

मी एक जुना रेकॉर्डर आहे. नाशिकच्या मीनाताईंनी मला घेतलं, तेव्हा त्या नुकत्याच माहितीपट बनवायला लागल्या होत्या. कलावंत आणि जुना सिनेमा, हेच त्यांचे विषय. सिनेमाचे मोठाले फलक हाताने रंगवणारे लहानू पेंटर माझ्यासमोर बोलले. घोटीच्या बाजारात तंबू ठोकून सिनेमा दाखवणारे बारकूशेठही बोलले. फिल्ममध्ये त्यांचं मोजकंच बोलणं गेलं, बाकीचं माझ्यात राहिलं. पुढे ते दोघे वारले. मित्रांनो, मला वाटायचं, माणूस गेला तरी माझ्या पोटात राहील.

मग आम्ही हरसूलजवळच्या एका पाड्यावर गेलो. तिथे झिपरूबाबा बोहाड्याच्या नाचासाठी लाकडी मुखवटे कोरायचे. हात चालू ठेवूनच ते बायकोला हाक मारायचे, "वत्सले, च्या ठेव गं! बाई लांबून आलीय."

फिल्म पुरी होण्याआधीच झिपरूबाबा तापाने गेले. घरच्यांना बरं वाटेल म्हणून मीनाताईंनी अंगणात पडदा बांधला आणि फिल्म सगळ्यांत आधी पाड्यावर दाखवली. पडद्यावरून हाक आली. वत्सलाबाई चटकन उठल्या, "ठेवते," म्हणाल्या आणि चुलीकडे गेल्या.

थोड्या वेळाने त्या रिकाम्या हातांनी बाहेर आल्या. "बाई, त्यांचा आवाज वाजवू नका. असे हाका मारत राहिले, तर जातील कसे?"

नाशिकला परतल्यावर फिल्मचे संकलक कुंदन म्हणाले, "आवाज काढला तर फिल्ममध्ये उरतं काय?"

"चुलीपाशी उभी राहिलेली ती बाई तुम्ही पाहिली नाहीत," मीनाताई म्हणाल्या.

झिपरूबाबांचा शब्द न् शब्द काढला गेला. पडद्यावर त्यांचे ओठ हलत आणि ऐकू येई फक्त लाकूड कोरणाऱ्या पटाशीची टकटक. फिल्मचं कौतुक झालं.

तो आवाज फक्त माझ्यात उरला. मीनाताईंना तो पुसवेना आणि ऐकवेना. त्यांनी मला कपाटात ठेवलं. नवी यंत्रं आली. माझ्या आतले सेल काढायचे राहिले, ते पाझरले आणि आतली टेपही खराब होत गेली. अंधारात इतकी माणसं पोटात घेऊन मी गंजत गेलो.

यंदा होळीनंतर वत्सलाबाई एसटीने नाशिकला आल्या. "बाई, त्यांचं तोंड दिसतं, पन आवाज आठवत नाय. ऐकवा."

मीनाताईंनी माझं झाकण उघडलं आणि त्यांचा चेहरा उतरला. लिंबाच्या रसात कापूस बुडवून त्यांनी गंज पुसला, नवे सेल घातले. मी सुरू होईना. वत्सलाबाई जमिनीवर बसून राहिल्या. अखेर माझा दिवा लागला. लहानू पेंटरांच्या जागी नुसती खरखर आली. बारकूशेठांच्या जागीही तेच. मग एक खोकला आला, आणि त्यामागून गुणगुणणं.

"हाच! हाच त्यांचा खोकला," वत्सलाबाई म्हणाल्या आणि त्यांनी पदर तोंडाला लावला.

मीनाताईंनी मला त्यांच्या हातात दिलं. आता मी पाड्यावर असतो. वत्सलाबाई कधीमधी मला सुरू करतात. चहाची हाक आली तरी उत्तर देत नाहीत, नुसतं ऐकतात आणि स्वतःच्या बोटाने बंद करतात.

मित्रांनो, कुणाचा आवाज ठेवायचा तर आधी त्याच्या माणसांना विचारा. आणि ठेवलात, तर कपाटात टाकून विसरू नका. लहानू पेंटर आणि बारकूशेठ माझ्या पोटात दुसऱ्यांदा वारले. उद्या त्यांच्या घरचं कुणी मला शोधत आलं, तर मी त्यांना काय ऐकवू?