राबाची जागा

पौडच्या तहसील कचेरीत शैलेश यांच्या वकिलांनी पहिल्याच दमात धम्मदीपाला वाटेला लावायचं ठरवलं होतं.

"मॅडम, मुळात वाद मालकीचा आहे. माझ्या अशिलाकडे नोंदणी झालेलं खरेदीखत आहे. मालकी ठरवायचा अधिकार दिवाणी न्यायालयाचा. मामलेदार न्यायालयाला तो नाही. बाईंनी तिकडे जावं."

तिकडे गेलं की काय होतं, हे कासार आंबोलीत सगळ्यांना ठाऊक होतं. तोवर तारेच्या आत बंगला उभा राहून त्याचा रंगही उडाला असता.

धम्मदीपा पुण्यातल्या एका कॉलेजात ग्रंथपाल होती. तिचे वडील, जयवंतदादा, मेच्या सुरुवातीला गेले. सातव्या दिवशी घरी जलदान विधी होता. सगळी भावकी मांडवात बसलेली असताना शैलेश यांच्या माणसांनी वरच्या शेताला सिमेंटचे खांब रोवले आणि तार ओढली. दादांच्या एका चुलतभावाने सामाईक गटातला आपला हिस्सा म्हणून नेमका तोच तुकडा तीन वर्षांपूर्वी शैलेश यांना विकला होता. दादा होते तोवर तिथे पाऊल टाकायची कुणाची छाती झाली नव्हती.

धम्मदीपा त्या दिवशी रडली नाही, नंतरही नाही. अडलं की छापलेलं काय आहे ते बघायचं, ही तिची सवय. एका जुन्या कायद्यात तिला कलम सापडलं. शेतजमिनीवरून कुणी बेकायदा हुसकावलं, तर सहा महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे, म्हणजे मामलेदार न्यायालयात, ताबा परत मागता येतो. पाचव्या महिन्यात तिने अर्ज दिला आणि सोबत जलदान विधीची छापील पत्रिका जोडली. तार कोणत्या दिवशी आली, हे त्या पत्रिकेवरून अख्खा गाव सांगू शकत होता.

आता ती उभी राहिली. "मालकी ठरवा असं मी म्हणतच नाही, मॅडम. खरेदीखत, हिस्सा, काय ते दिवाणीत ठरू दे. मी एवढंच विचारते, तार पडली त्या दिवसापर्यंत ही जमीन कोण कसत होतं? ते बघायला तर हेच न्यायालय आहे."

तहसीलदार बाईंनी चष्मा कपाळावर सरकवला. "बरोबर आहे. ताब्यापुरतं आपण ऐकू. वकीलसाहेब, ताब्याबद्दल तुमचं म्हणणं काय?"

"तीन वर्षं आमचाच ताबा आहे. मजूर लावून भात करतो. यंदा बांधकामासाठी पड ठेवलंय."

मागच्या बाकावर धम्मदीपाची आई फुलाबाई शेजारच्या शेतातल्या अण्णासाहेबांच्या कानाशी लागली. पण कुजबुजणं तिला जन्मात जमलं नव्हतं. "बया! ह्यानं भात ताटातच बघितलाय वो!"

कारकुनाने हसू गिळलं. धम्मदीपा मात्र त्या वाक्यावर थबकली. तयार केलेले सगळे प्रश्न तिने बाजूला ठेवले.

"शैलेशसाहेब, तुम्ही राब कुठे भाजता?"

मुळशीत भाताची रोपं करायची, तर आधी शेण, पाला, गवत थरावर थर पसरून जमिनीचा एक उंच, कोरडा तुकडा भाजतात, आणि पुढे त्यातच बी टाकतात. प्रत्येक घराची राबाची जागा ठरलेली, स्वयंपाकघरातल्या चुलीसारखी. शैलेश यांनी वकिलांकडे पाहिलं. वकील कागद चाळू लागले.

"खाली, ओढ्यालगत," शैलेश म्हणाले. "पाणी जवळ पडतं ना."

"आरं, तितं रोपं काढायचीत का बेडकं?" अण्णासाहेब बाकावरूनच म्हणाले.

"तुम्ही गप्प बसा, आजोबा," तहसीलदार बाई म्हणाल्या आणि कारकुनाकडे वळल्या. "ओढ्यालगत. लिहून घ्या. सही घ्या. आता जागा बघायला मी स्वतः येते."

पुढच्या आठवड्यात त्या आल्या. ओढ्यालगत तीन ठिकाणी खणलं. चिकट, करडी माती निघाली, कोळशाचा कण नाही.

"पावसानं वाहून गेलं असेल," वकील म्हणाले.

फुलाबाई कुणाला न विचारता चढण चढू लागली. वरच्या कोपऱ्यात, आईनाच्या झाडापलीकडे, एका सिमेंटच्या खांबाशी ती थांबली. खांबाच्या खड्ड्यातून निघालेली माती खांबाच्या बुडाशीच पडली होती. काळीभोर, आणि तिच्यात विटेसारखी भाजलेली लाल ढेकळं.

"हितं. माझं लगीन व्हायच्या आधीपासनं. खांब बी मेल्यांनी नेमका राबातच ठोकलाय!"

तहसीलदार बाईंनी वाकून एक ढेकूळ फोडलं. "हा खड्डा कुणी काढला?"

"आमच्याच माणसांनी," शैलेश म्हणाले.

"म्हणजे पुरावा तुम्हीच उकरून ठेवलात."

धम्मदीपाने एक ढेकूळ हातात घेतलं. एप्रिलच्या अखेरीस दादांचा फोन आला होता, यंदा राब झकास भाजलाय, बघायला ये. रविवारी येते, ती म्हणाली होती. तिने ढेकूळ होतं तिथे परत ठेवलं.

निकाल फेब्रुवारीत लागला. मालकी कोणाची, ते हे न्यायालय ठरवत नाही, त्यासाठी प्रतिवादीने दिवाणी न्यायालयात जावं. मात्र जमीन वादीच्या वडिलांच्या आणि नंतर वादीच्या ताब्यात होती. ताबा परत द्यावा, तार काढावी.

मंडळ अधिकाऱ्यांसमोर खांब उपटले गेले. शैलेश गाडीपाशी उभे होते.

"मी दिवाणीत जाणार," ते म्हणाले.

"अवश्य जा," धम्मदीपा म्हणाली. "वाट तुमच्या वकिलांना ठाऊक आहे."

अण्णासाहेबांनी हसून मांडीवर थाप मारली.

एप्रिलमध्ये दोघी मायलेकींनी आईनाचा पाला पसरला, वर शेण, गवत, शेवटी मातीचा हात. आईने काडेपेटी पुढे केली. दादांनी ती कधी दुसऱ्याच्या हाती दिली नव्हती. धम्मदीपा जवळच्या कडेला वाकली.

"तितनं न्हाई गं! वाऱ्याच्या उलट लाव. सावकाश जळाया पायजे, तळापर्यंत."

ती वळसा घालून पलीकडे गेली, वाऱ्याकडे तोंड करून बसली आणि काडी ओढली. जाळ तसूतसूने पुढे सरकू लागला. आई दोन्ही हात कमरेवर ठेवून बघत होती.

"आता भाजतोय झकास," ती म्हणाली.

रविवार होता.