लोखंड बाहेर

सुईच्या खोलीच्या दाराशी एक लाकडी पेटी होती, आणि त्या पेटीपुढे राव-रंक सारखेच. किल्ल्या, चाकू, घड्याळ, खिळ्यांचे बूट, सगळं पेटीत टाकायचं आणि मगच आत पाऊल. एकदा खुद्द बाबांचे साहेब घड्याळ काढेनात, तर बाबांनी त्यांना दारातूनच वाटेला लावलं. बाबांची बढती तिथं जी अडली ती कायमचीच.

वेधशाळेची ही खोली घराला लागूनच, दगडाची, दाराचे खिळेसुद्धा तांब्याचे. मधल्या टेबलावर काचेच्या पेटीत रेशमाच्या धाग्याला टांगलेली चुंबकाची सुई. दिवसातून तीनदा तिच्यावर वाकायचं, ती उत्तरेपासून किती ढळली ते भिंगातून वाचायचं आणि वहीत लिहायचं. बाबा हे एकोणतीस वर्षं करत होते. गल्लीतले लोक त्यांना 'सुईवाले' म्हणत, आणि एखादा नवा भाडेकरू उसवलेला सदरा घेऊन दाराशी उभा राही.

मुलीला आईचा चेहरा आठवत नव्हता. बाबांनी तिला भरवलं ते विजेच्या गोष्टी सांगत. ओर्स्टेड नावाच्या मास्तरानं भर वर्गात तारेतून वीज सोडली आणि शेजारची सुई हलली, पण ऐकणाऱ्यांना त्याचं काहीच वाटलं नाही. पुस्तकं बांधता बांधता शिकलेल्या फॅरेडेनं तारेच्या वेटोळ्यात चुंबक सरकवला आणि वीज निघाली. मग मॅक्सवेलनं ते सारं गणितात बसवलं. बाबांना त्या रांगेत आपली एक ओळ हवी होती. जास्त नाही, एकच. या एका हट्टावर भला माणूस जगत होता.

आणि ओळ सापडलीही होती. अकरा वर्षांपूर्वीच्या हिवाळ्यात सुई एकाएकी सहा कला पूर्वेला सरकली आणि तिथंच राहिली. अंशाचे साठ भाग केले तर त्यातले सहा. दुसऱ्या कुठल्याच वेधशाळेत असं झालं नाही. बाबांनी वर्षभर लोखंड शोधलं. अंगण खणलं, चूल हलवली, शेजाऱ्याच्या हातापाया पडून त्याचं फाटक लांब नेऊन बसवलं. सुई ढिम्म. तेव्हा त्यांनी ठरवलं की तारेतली वीज सुई हलवते, तर आपल्या डोक्यावरून, वर आकाशात, विजेचा एक नवा प्रवाह वाहू लागला असला पाहिजे. तेव्हापासून दहा वर्षं ते थोरामोठ्यांना पत्रं लिहीत होते. आता कुठं उत्तर आलं. एक मोठे विद्वान स्वतःचं यंत्र घेऊन गुरुवारी येणार होते.

त्याआधीच्या शुक्रवारी बाबा तापानं आडवे झाले. "नेमात खंड नको," म्हणाले, "तू वाच." मुलगी आजवर फक्त आकडे जुळवायची. आता ती खोलीत गेली, टेबलासमोरच्या खडूच्या खुणेवर पाय ठेवून वाकली. सुई सहा कला कमी दाखवत होती. दुपारी तेच, शनिवारी तेच. आपलंच चुकतंय म्हणून ती स्वतःवर चिडली, केसांतला शिंगाचा कंगवासुद्धा काढून ठेवला. आकडा बदलला नाही, आणि तो ऐकून बाबांना घोर लागला.

रविवारी बाबांचं अंथरूण झटकताना तिची नजर खुंटीवर गेली. तिथं त्यांचा अंतर्गळ दाबून धरायचा पट्टा लटकत होता. बाबा तो कपड्यांच्या आत बांधत आणि आंघोळीला व झोपताना तेवढा काढत. तिनं तो हातात घेऊन चाचपला.

पट्टा तिनंच आणला होता, पंधरा वर्षांची असताना, कारण बाबांना दुकानात जायची लाज वाटे. गल्लीत कळलं असतं तर लोकांनी चेष्टा करून जीव नकोसा केला असता. दुकानदार म्हणाला होता, "वरून चामडं आहे, पण आत पोलाद आहे हो. जन्मभर वाकायचा नाही." घरी येऊन तिनं ते कौतुकानं सांगितलंही होतं. दोघांनी ऐकलं आणि दोघं विसरले. काखेत कळसा अन् गावाला वळसा म्हणतात, पण इथं कळसा पोटाला बांधलेला होता.

तरी खात्री हवी होती. पट्टा लपवून ती खोलीत गेली आणि टेबलाच्या कडेखाली, बाबांच्या पोटाच्या उंचीवर दोरीनं बांधला. सुई सहा कला सरकली आणि अगदी बाबांच्या आकड्यावर येऊन थांबली. बाबा शिस्तीचे, पाऊल कधी खुणेबाहेर पडलं नाही. एखादा गबाळा माणूस असता तर आज तीन, उद्या आठ असे आकडे निघाले असते आणि चूक महिन्याभरात पकडली गेली असती. शिस्तीनंच त्यांचा घात केला.

मागं पाऊल वाजलं. ताप उतरला होता. भिंत धरत बाबा आले, तिला बाजूला सारून भिंगावर वाकले आणि लहान मुलासारखे हसले.

"बघ! जागेवर आहे. उगाच घोर लागला होता जिवाला. गुरुवारी येऊ दे त्यांना."

तिला वाटलं, गप्प बसावं. पण पाहुणा स्वतःचं यंत्र आणणार होता. ते परक्याच्या तोंडून ऐकण्यापेक्षा घरात ऐकलेलं बरं.

"बाबा, तुम्ही आत्ता पट्टा बांधलाय का?"

"नाही गं. खुंटीवर दिसला नाही."

तिनं टेबलाखाली बोट दाखवलं. बाबा कष्टानं वाकले आणि पाहिलं.

"सोड तो," म्हणाले. "बाहेर ने."

ती पट्टा बाहेर ठेवून आली तेव्हा ते भिंगाला डोळा लावून उभे होते. त्यांनी आकडा मोठ्यानं वाचला. तिला तो तीन दिवसांपासून पाठ होता.

"कुठल्या तारखेला आणला होतास?"

तिनं सांगितली.

"तांबडी शाई आण."

खोलीत चुकून लोखंड गेलं तर त्या दिवसापुढं तांबड्या शाईनं 'लोखंड आत' लिहायचं, असा बाबांचाच नियम होता. बाकीच्यांच्या चुकांचे असे शेरे एकोणतीस वर्षांत जेमतेम नऊ होते. आता चार हजारांवर दिवस होते. दोन पानं झाली, मग वही तिनं ओढून घेतली. बाबा शेजारी बसून एकेक पान उलटत राहिले. "माझंच चुकलं, मीच आणला," ती एकदा म्हणाली. "तू आणलास, बांधला मी," बाबा म्हणाले आणि पुढचं पान उलटलं.

गुरुवारी पाहुणे आले. त्यांनी घड्याळ आणि किल्ल्या पेटीत टाकल्या. बाबांनी त्यांच्यासमोरच सदऱ्यात हात घालून पट्टा सोडला, पेटीत ठेवला आणि पोट एका हातानं दाबून आत गेले. पाहुण्यांनी आपलं यंत्र लावलं, दोन्ही आकडे ताडून पाहिले.

"तुमची सुई अगदी बरोबर आहे. चारचौघींसारखीच. मग दहा वर्षं तुम्ही आम्हाला कशाबद्दल लिहीत होता?"

बाबांनी दारातल्या पेटीकडे बोट दाखवलं.

पाहुण्यांना कळायला थोडा वेळ लागला. मग त्यांनी पट्ट्याला बोट लागू न देता आपलं घड्याळ उचललं, किल्ल्या उचलल्या, आणि गाडीला उशीर होतोय म्हणाले.

ते गेल्यावर बाबांनी पट्टा घेतला आणि तिथंच, उघड्या दारात, बांधला. दुपारच्या नोंदीची वेळ झाली होती. पोलाद अंगावर असताना ते खोलीत गेले नाहीत.