वाऱ्याचं पद

आकाराम मास्तरांनी कागदांचा गठ्ठा काचेच्या टेबलावर असा आपटला की यशराजच्या कपातला चहा बशीत उतरला.

"कुणी केलं हे?"

यशराज नवा प्रकाशक, वय तिशीच्या आतबाहेर. शाहूपुरीतल्या त्याच्या दोन खोल्यांत नववीच्या मुलांसाठी भूगोलाचं पुस्तक तयार होत होतं, आणि त्यातला वाळवंटाचा पाठ मास्तरांनी लिहिला होता. त्याची प्रुफं काल गडहिंग्लजला त्यांच्या हाती पडली. बाकी सगळं जिथल्या तिथं होतं. पाठाच्या शेवटी दिलेल्या पदावर मात्र कुणीतरी लाल पेनानं आडवी रेघ ओढली होती आणि कडेला दोन शब्द लिहिले होते : 'चूक. काढावे.' मास्तर रात्रभर या कुशीवरून त्या कुशीवर होत राहिले आणि सकाळच्या पहिल्या एसटीनं निघून आले.

ते पद म्हणजे मास्तरांचा जीव. त्यांचे वडील नेसरीच्या सप्त्यात विणेकरी. टाळ-मृदंग ऐकतच मास्तर लहानाचे मोठे झाले आणि पुढं शाळेत एकतीस वर्षं त्यांनी भूगोल शिकवला तो कीर्तनासारखाच. आधी फळ्याला हात जोडायचे, मग निरूपण, मग आख्यान. आणि ताल धरायला एका हातात पट्टी, दुसऱ्यात डस्टर. वाळवंटाचा धडा निघाला की शेजारच्या वर्गातली पोरं खिडकीला लोंबकळत. चाळीस पोरं एका आवाजात म्हणत :

वारा घासी, वारा तासी,
वारा वाहे वाळूराशी;
थेंब नाही पाणी जिथे,
वारा देव त्या देशी.

निवृत्त होऊन सहा वर्षं झाली, तरी बाजारात कुणी दाढीमिशीवाला बाप्या त्यांना अडवून या चार ओळी म्हणून दाखवायचा आणि मगच पाया पडायचा. आता त्या छापून येणार, खाली आपलं नाव असणार, आपण गेल्यावरही पोरं म्हणत राहणार, एवढी एकच आस मास्तरांना उरली होती.

"सर, जरा बसून बोलू," यशराज म्हणाला.

"बसायला आलो न्हाय मी. माझ्या पदावर रेघ मारणारा हात मला बघायचा हाय."

"मी मारली, सर."

खिडकीजवळच्या टेबलाशी एक बाई बसल्या होत्या. चाळिशीला टेकलेल्या, केस आखूड, पुढ्यात लाल पेन. त्या उठल्या नाहीत. मास्तर खोलीत आले आणि कुणी उठलं नाही, असं फारसं घडत नसे. तेही त्यांच्या मनात खुपलं.

यशराजनं घाईघाईनं ओळख करून दिली. या डॉक्टर प्रियदर्शनी मॅडम. सहा वर्षं राजस्थानात राहून वाळवंटावर काम केलेलं. पुस्तकातला प्रत्येक पाठ त्यांच्या नजरेखालून जातो.

"अस्सं," मास्तर म्हणाले. "म्हणजे आपण वाळवंटात पाणी शोधायला गेलता काय?"

"हो. सापडलंही."

मग त्यांनी आवाज न चढवता सांगितलं. वाळूच्या टेकड्या वाऱ्याच्याच, त्या पाठात जशाच्या तशा ठेवल्या आहेत. पण वाळवंट म्हणजे नुसती वाळू नव्हे. त्याचा बराचसा भाग उघडा खडक आणि गोटे. तिथल्या कोरड्या रुंद घळी, डोंगराच्या पायथ्याशी पंख्यासारखे पसरलेले गोट्यांचे ढीग, हे पाण्यानं घडवलेलं असतं. वर्षानुवर्षं थेंब पडत नाही आणि मग एका दुपारी पाऊस असा कोसळतो की डोंगर कापून नेतो. पाठातला छत्रीसारखा दिसणारा तो खडकसुद्धा एकट्या वाऱ्याचा नव्हे. जमिनीलगतचा ओलावा आणि क्षार त्याची कंबर आधी कुजवतात, मग वारा हात फिरवतो. पहिल्या दोन ओळी चालल्या असत्या. पुढच्या दोन खोट्या आहेत, आणि मुलांच्या तोंडात नेमक्या त्याच राहतात.

खोट्या हा शब्द मास्तरांच्या कानशिलावर बसला. त्यांनी यशराजकडं वळून विचारलं, की त्याच्या जन्माआधीपासून जे पद तालुक्याला पाठ आहे, ते आता एका लाल पेनानं खोटं ठरायचं काय? यशराज म्हणाला, या पानांचा फॉर्म संध्याकाळी छपाईला जायचाय, तुम्ही दोघांनीच काय ते ठरवा. मास्तरांचा आणखी भडका उडाला. टेबलावरची पट्टी त्यांनी उचलली, काचेवर ताल धरला आणि भर कचेरीत पद म्हटलं. गळा अजून खणखणीत होता. यशराजची बोटं नकळत टेबलावर वाजू लागली.

पद संपलं. बाईंनी पेनाला टोपण लावलं.

"हे मी एकदा तास संपेपर्यंत उभं राहून ऐकलंय, सर. नववी ब. चोवीस वर्षं झाली."

मास्तरांनी पहिल्यांदा त्यांच्या चेहऱ्याकडं नीट पाहिलं. त्या चेहऱ्यावरचा चष्मा आणि वय बाजूला केल्यावर दोन घट्ट वेण्या दिसल्या. तिसरा बाक. हिरण्यकेशीच्या पात्रात पाटीनं वाळू उपसणाऱ्याची पोर. पद ऐन रंगात आलं असताना तिनं हात वर केला होता आणि म्हणाली होती, सर, वाळू तर पाणी आणतं की. आणि आपण ताल न सोडता, चढ्या सुरात—

"वाळवंटात पाणी? तुझ्या बापानं पाटीतनं न्हेऊन वतलं काय?" बाईंनी ते वाक्य जसंच्या तसं म्हटलं, सुरासकट. "वर्ग किती हसला होता. मग तुम्ही मला उभं केलंत आणि घंटा होईपर्यंत हेच पद म्हणवून घेतलंत. सगळ्यांकडून. माझ्याकडं तोंड करून."

"थट्टा होती ती," मास्तर म्हणाले. "कीर्तनात बुवा करतातच की थट्टा."

"चांगले बुवा स्वतःची करतात. तुम्ही माझ्या वडलांची केलीत."

यशराज कपाकडं बघत राहिला.

"आणि मी मनाचं काही बोलले नव्हते, सर. धड्यात ओळ होती. क्वचित पडणाऱ्या जोरदार पावसाने वाळवंटात खोल दऱ्या निर्माण होतात. तुमच्याच पुस्तकात होती. ती तुम्ही आम्हाला कधी वाचून दाखवली नाहीत. का?"

मास्तरांचा हात पट्टीवर आवळला. का ते त्यांना माहीत होतं, आणि म्हणूनच त्यांना कुणाचा तरी गळा धरावासा वाटला. पद रचलं त्या उन्हाळ्यात ती ओळ बसवायचा त्यांनी चार दिवस प्रयत्न केला होता. पाण्याचा पाऊस केला, पावसाचा पूर केला, पण काही केल्या ताल तुटायचा, पोरं अडखळायची. पाचव्या दिवशी त्यांनी पुस्तकातल्या ओळीवर पेन्सिलीनं फुली मारली. पुढं दरवर्षी नवं पुस्तक हाती आलं की ते आधी ती ओळ शोधत आणि फुली मारून मोकळे होत.

"चालीत बसत नव्हती," ते म्हणाले. तोंडातून गेलंच.

बाईंनी लाल पेन बाजूला ठेवलं. मग म्हणाल्या,

"गाणं आमच्याही घरात होतं, सर. वडील विहारात वंदना म्हणायचे. वाळू उपसून बोटं सोललेली असायची, पण चालीसाठी एक अक्षर इकडचं तिकडं झालेलं त्यांना खपायचं न्हाय." शेवटच्या शब्दाला त्यांची गडहिंग्लजची बोली वर आली आणि त्यांनी ओठ मिटले.

"माझा पाठच छापू नका," मास्तर यशराजला म्हणाले. कागद पिशवीत कोंबून ते जिना उतरले. जिन्यात एकजण वर येत होता, त्यालाही त्यांनी 'बघून चालावं की' म्हणून झापलं.

स्टँडवर गडहिंग्लजची गाडी लागलेली. कंडक्टर होता संग्राम, त्यांचाच जुना विद्यार्थी. लांबूनच त्यानं "वारा घासी, वारा तासी" सुरू केलं आणि सामानवाल्या म्हातारीला उठवून मागं बसवलं.

"या सर. तुमच्यासाठी खिडकी धरलीया."

"तिला बसू दे. मी हुबा ऱ्हातो."

गाडी उचगावच्या पुढं गेली तरी मास्तर दांडीला धरून उभे. संग्राम तिकिटं फाडत दोनदा येऊन गेला. तिसऱ्यांदा आला तेव्हा मास्तरांनी विचारलं, तुझ्या वर्गात एक प्रियदर्शनी होती, आठवते का?

"वाळूवाल्याची व्हय? आठवतीया की." संग्राम हसला. "काय हाणलं होतं तुमी तिला, बापानं पाटीतनं वतलं काय म्हणून. आमी वरीसभर तिला पाटी म्हणत हुतो."

"हसू नको."

"न्हाय, पण गंमत ऐका की. घंटा झाली, तुमी गेलासा. आन् ती तशीच हुबी. आमी म्हटलं बस की आता. तर म्हणती, ज्यांनी हुबं केलंय त्यांनी बस म्हणाय पायजे. तुमी बस म्हणायचंच विसरलासा, सर. पुढचा तास गणिताचा, त्यातबी हुबी. मधल्या सुट्टीपत्तोर."

मास्तरांनी पिशवीतून कागद काढले. गाडीच्या धक्क्यांत अक्षर हलत होतं. 'चूक. काढावे' च्या खाली, पानाच्या पार तळाशी, लाल शाईत आणखी एक वाक्य होतं. काल रागाच्या भरात त्यांनी ते वाचलंच नव्हतं. 'पदाच्या जागी हे घालता येईल : वाळवंटात पाणी क्वचित येते, पण येते तेव्हा ते जे करून जाते, ते वाऱ्याला शंभर वर्षांत पुसता येत नाही.'

त्यांनी ते दोनदा वाचलं. बोटानं दांडीवर एकदा ताल धरून पाहिला. वाक्य कुठल्याच चालीत बसत नव्हतं. मग त्यांनी फोन लावला.

"यशराज, पाठ छापा. पद काढा. बाईंनी खाली लिहिलंय ते घाला, काना-मात्रा न बदलता. खाली त्यांचं नाव."

"बरं झालं, सर. मॅडम अजून इथंच आहेत. देऊ का फोन?"

मास्तरांनी फोन कानाला तसाच धरून ठेवला. पलीकडून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. कुणीतरी जवळ येत होतं. त्यांनी बटण दाबून फोन बंद केला आणि पुन्हा दांडी धरली.

कागलला निम्मी गाडी उतरली. म्हातारीही उतरली. खिडकीची जागा मोकळी झाली, तिच्यावर ऊन पडलं होतं. संग्रामनं रुमालानं ती झटकली.

"आता तरी बसा, सर. कवाधरनं हुबं हायसा."

मास्तरांनी मान हलवली.

"तू 'बस' म्हणून चालायचं न्हाय, संग्राम."