विमलाबाईंची उद्यापनं

डोंबिवलीच्या विमलाबाईंच्या पोटात नेमकं काय दुखतंय, ते १९९३ साली कल्याणच्या सोनोग्राफीत कळलं. पित्ताशयात गाळ. विमलाबाईंचा चेहराच उतरला. ज्या बाईच्या घरात कपाच्या तळाला कधी डाग दिसला नाही, तिच्या पोटात गाळ! शेजारीपाजारी कळता कामा नये, असं त्यांनी रिक्षातच नवऱ्याला, गुणाजीरावांना, बजावलं.

खरी धास्ती मात्र वेगळीच होती. लेकीचं, रतनचं, पहिलं बाळंतपण तीन महिन्यांवर आलं होतं. गाळाचे खडे झाले आणि पित्ताशय काढावं लागलं, तर टाके पडणार, दीड महिना काही उचलायला बंदी. मग बाळाला न्हाऊमाखू कोण घालणार? रतनची सासू? त्या बाईला साधा भात मोकळा जमत नव्हता.

"उपास किती करता?" डॉक्टरांनी विचारलं.

"फार नाही हो. सोमवार, गुरुवार, शनिवार, संकष्टी आणि दोन्ही एकादश्या. संध्याकाळपर्यंत निरंकार."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. "अहो, जेवलं की पित्ताशय आवळतं, पित्त बाहेर पडतं. तुम्ही त्याला कामच देत नाही. न हलवलेल्या ताकासारखं पित्त तळाला बसतंय. वेळेवर थोडं थोडं जेवा. बरेचदा गाळ आपोआप जातो."

आता व्रत असं वाऱ्यावर सोडतात का? रीतसर उद्यापन नको? पहिला मान गुरुवारचा. पाच सवाष्णी जेवायला आल्या. पुऱ्या, अळूवड्या, तुपात थबथबलेला शिरा. प्रसादाला नाही म्हणू नये, म्हणून विमलाबाईंनीही हात आखडता घेतला नाही. तासाभरात उजव्या बरगडीखालून अशी कळ निघाली, की थेट पाठीतून खांद्यापर्यंत. गुणाजीराव हातातले विडे तसेच टाकून रिक्षा आणायला धावले.

"उपाशी राहू नका म्हणजे पुऱ्या झोडा असं नाही!" डॉक्टर इंजेक्शन भरता भरता ओरडले. "नळी तुंबून कावीळ झाली, की ऑपरेशनच."

विमलाबाईंनी चोख अर्थ काढला. उद्यापनं बंद. आणि उद्यापन नाही म्हणजे उरलेले उपास चालू! गुणाजीरावांनी कपाळाला हात लावला. बायकोला समजावणं त्यांनी लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी सोडलं होतं.

पंधरा दिवसांनी रतन माहेरी आली. वडिलांनी तिला सगळं सांगितलं. तिनं दुपारी मुगाचं वरण, मऊ भात, दुधीची भाजी अशी दोन ताटं वाढली.

"आई, बस."

"अगं, सोमवार आहे."

"मग मी पण नाही जेवत. निरंकार."

"वेड लागलंय का तुला? पोटात जीव आहे!"

"मला बाळंतपणाला आई हवीय," रतन म्हणाली, "दवाखान्यात पडलेली नकोय."

वरण गार होत चाललं. रतन ताटाला हात लावेना. पोटावर हात ठेवून ती नुसती बसून राहिली. विमलाबाईंनी देवघराकडे पाहून माफी मागितली आणि पहिला घास घेतला. समोर रतनही जेवू लागली.

गाळ पुढे दोन महिन्यांत गेला, ऑपरेशन टळलं, नातीला न्हाऊही विमलाबाईंनीच घातलं. पण त्या दुपारी तिसऱ्या घासाला त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं.

"आई, दुखतंय का?" रतन घाबरली.

"नाही गं," विमलाबाई भात कालवत म्हणाल्या. "भूक लागली होती."