जीनगराच्या मुलाची पेटी

मित्रांनो, मी एक जुनी चामड्याची पेटी आहे. माझ्यात वकिलातीचे कागद राहत. पण मी राजवाड्यात नाही जन्मले. इंग्लंडमधल्या वॉल्सॉल गावात जोसाया पेल नावाचा जीनगर होता. घोड्यांची जीनं शिवून उरलेल्या चामड्यातून त्याने मला घडवलं. टाके त्याची बायको हॅना हिने घातले. त्यांचा मुलगा एमस परीक्षा देऊन सरकारी वकिलातीत लागला होता आणि जपानला निघाला होता.

कचेरीतल्या पहिल्याच दिवशी एक तरुण सहकारी मला बघून हसला. "काय रे पेल, घोडा बाहेर बांधलास का?"

"माझ्या आईबापांनी शिवलीय," एमससाहेब म्हणाले. "तुझ्या आईबापांनी स्वतःच्या हातांनी काय केलंय, दाखव की."

त्या दिवसापासून माझी मान ताठ झाली, ती आजवर ताठच आहे.

पुढे साहेब जपानच्या हाकोदाते बंदरात कॉन्सल, म्हणजे इंग्रज सरकारचे प्रतिनिधी झाले. तेव्हा तिथल्या इंग्रजांवरचे खटले कॉन्सलच चालवत. एकदा रज नावाच्या इंग्रज कप्तानाने कुमाझो या हमालाच्या उजव्या हातावर लोखंडी गज घातला. माल उतरवायला उशीर झाला, एवढाच कुमाझोचा गुन्हा. हात कायमचा गेला.

खटल्याच्या सकाळी इंग्रज व्यापाऱ्यांचे पुढारी लॉरिमर आले. "पेल, आपलाच माणूस आहे. दम देऊन सोडून द्या. उगाच वाकड्यात शिरू नका."

"बसा," साहेब म्हणाले. "निकाल सगळ्यांसमोरच ऐका."

कुमाझोची म्हातारी आई ओतात्सू साक्षीला उभी राहिली. कप्तान कंटाळून म्हणाला, "साहेब, एका मजुरासाठी केवढा तमाशा!"

साहेबांनी मला टेबलावर पुढे ओढलं आणि माझ्यातून कोरा कागद काढला. "माझा बापही मजूरच," ते म्हणाले. "तीन महिने कैद. आणि कुमाझोला भरपाई."

मग वरून पत्र आलं : निकाल सौम्य करा. साहेबांनी उत्तर लिहिलं, ते मी वाचलंय : 'निकाल योग्य आहे. मी बदलणार नाही.' त्यानंतर त्यांना बढती मिळाली नाही, कधीच नाही. इंग्रज घरांतून जेवणाची बोलावणी थांबली. साहेब घरीच भात आणि मासे खात, आणि चांगले जाड झाले!

अकरा वर्षांनी त्यांची बदली झाली. धक्क्यावर एकही व्यापारी आला नाही. कुमाझो मात्र आला आणि त्याने मला डाव्या हाताने उचललं.

"अरे, जड आहे ती," साहेब म्हणाले.

"असू दे की साहेब. हा हात शाबूत आहे अजून."

ओतात्सूने सुक्या माकळी मासळीची जुडी त्यांच्या हातात कोंबली. "वाटेत खा. आणि नाही म्हणायचं नाही!"

बोटीत बसेपर्यंत साहेबांनी चष्मा दोनदा पुसला.

आता मी त्यांच्या नातीच्या माळ्यावर आहे. बिजागरी गंजली, एक कोपरा उंदरांनी खाल्ला. परवा कुणी तरी म्हणालं, "टाकून दे ते धूड." टाकून बघा! मित्रांनो, कष्टाच्या हातांनी केलेल्या वस्तूची लाज धरू नका. तिला वर्षातून एकदा तेलाचं बोट लावा. मी मोठमोठ्या साहेबांपुढे वाकले नाही, तेव्हा उंदरांपुढे तर मुळीच वाकणार नाही.