उसनं बाळ

शाल्मली माहितीपट करायची, पण मुलाखती घ्यायची नाही. ज्यांच्यावर फिल्म करायची त्यांच्यात जाऊन त्यांच्यासारखंच राहायचं, ही तिची रीत. कालव्यावर बोटीत राहणाऱ्यांबरोबर तिने एक हिवाळा काढला. रविवारी चिलखत घालून लढणाऱ्या कारकुनांबरोबर लढली आणि एक दात गमावून बसली. फिल्म संपली की मात्र ती लंडनमध्ये हॅरोला वडिलांकडे यायची आणि पुन्हा पहिल्यासारखी व्हायची.

या वेळी विषय होता, हुबेहूब बाळासारख्या बाहुल्या सांभाळणाऱ्या बायकांचा. त्यांच्यातल्याच, अशा बाहुल्या घडवणाऱ्या लेस्टरच्या नीनाने स्वतःची एक बाहुली तिला उसनी दिली. वजन खऱ्या बाळाइतकं, पापणीचा एकेक केस हाताने लावलेला.

"रोज रात्री पेटीत ठेवून झाकण लावायचं," नीना म्हणाली. "आम्ही सगळ्या लावतो. नाहीतर त्यातून बाहेर येता येत नाही."

शाल्मलीने पेटी नेलीच नाही. पेटीतलं बाळ कॅमेऱ्यात खोटं दिसेल, असं तिला वाटलं.

घरचं शूटिंग तिने वडिलांवर, प्रमोदवर सोपवलं. पहिल्या दिवशी ते हसले.

"याची बॅटरी कुठे घालायची गं?"

"बाबा, प्लीज. मानेखाली हात धरा."

त्यांनी धरला.

फिल्म पूर्ण व्हायची तारीख उलटली. शाल्मली नीनाचा फोन उचलेना. प्रमोदनी नीनाला फुटेज तेवढं पाठवलं. सुरुवातीला त्यात शाल्मली होती. मग तिचे फक्त हात. शेवटी नुसतं बाहुलीचं तोंड, आणि कॅमेऱ्यामागून प्रमोदचा लाडिक आवाज, "इकडे बघ, आजोबांकडे बघ."

नीना तशीच ट्रेनने हॅरोला आली. काही करून शाल्मलीला यातून बाहेर काढायला हवं होतं.

प्रमोदनी दार जेमतेम उघडलं. "हळू बोल. आत्ताच डोळा लागलाय."

"काका, बाहुली न्यायला आलेय मी."

"कुठली बाहुली?"

जिन्यावर शाल्मली उभी होती. खांद्यावर दुपट्यात काहीतरी गुंडाळलेलं. नीना तिच्याकडे बघत शांतपणे म्हणाली, "शाल्मली, ते प्लास्टिक आहे. रंग पक्का व्हावा म्हणून मी त्याला माझ्या ओव्हनमध्ये भाजलंय."

शाल्मलीने दुपटं छातीशी घट्ट धरलं.

प्रमोदनी दार लावून घेतलं. आतून साखळी सरकली. मग शाल्मलीचा आवाज आला, नेहमीसारखा, नीटनेटका.

"बाबा, पोलिसांना फोन करा. तिच्या घरी अजून मुलं आहेत."