प्रेस खाली आलीच नाही

"बाई, गणित खोटं बोलत नाही," साहेब म्हणाले आणि माझा कागद त्यांनी प्रेसवालीच्या, म्हणजे पत्रा ठोकायचं यंत्र चालवणाऱ्या बाईच्या, पुढ्यात सरकवला.

तिने कागदाला हात लावला नाही. उजवा हात पट्टीत गुंडाळून छातीशी धरलेला होता. तर्जनी आणि मधलं, अशी दोन बोटं गेली होती. चौकशीच्या खोलीत आम्ही चौघंच: चौकशी अधिकारी, साहेब, ती आणि मी. कागदावर वर हिरवी खूण होती, तिच्याखाली एक ओळ: 'हात आत असताना प्रेस कधीही खाली येणार नाही. सिद्ध.' आणि सगळ्यात खाली माझी सही.

"पडदा चालू होता," ती म्हणाली. "हात आत गेला की प्रेस थांबते, हे तुम्हीच शिकवलंत ना? मी काय वेडी आहे, चालत्या प्रेसमध्ये हात घालायला?"

पडदा म्हणजे प्रेसच्या तोंडाशी सोडलेले किरण. हाताने ते तुटले की प्रेसला थांबायचा हुकूम जातो. अधिकाऱ्यांनी तिचं म्हणणं लिहून घेतलं आणि सांगितलं, पुढची बैठक सोमवारी, कागदाविरुद्ध काही असेल तर तोवर आणा, नाहीतर कारण 'मानवी चूक' असं लिहावं लागेल. तसं लिहिलं की तिची नोकरी गेली, हे खोलीतल्या सगळ्यांना ठाऊक होतं. ती माझ्याकडे बघत होती. मी पेनाच्या टोपणाकडे.

एकोणीस वर्षं मी या कारखान्यात आहे. आम्ही यंत्रं बनवतो, काही इथेच वापरतो, आणि ती चालवणारा प्रोग्राम बिनधोक आहे की नाही, हे मी तपासते. माणूस यंत्र हजार वेळा चालवून बघेल आणि थकेल. माझ्याकडचं सॉफ्टवेअर थकत नाही. यंत्राचे नियम आणि वेळा लिहून दिल्या की शक्य असलेली प्रत्येक वाट ते धुंडाळतं. एक जरी वाट घातकी निघाली, तर लाल खूण करून ती पायरी पायरीने दाखवतं. एकही निघाली नाही, तर हिरवी.

ऑफिसात माझं नाव शंकासुर. माझ्या तोंडावर म्हणत नसत, पण भिंतींना कान असतात तसे मलाही आहेत. कारण असं की, हिरव्या खुणेवर माझा विश्वास नाही. लाल आली की मी निश्चिंत असते, निदान काय बिघडलंय ते कळतं. हिरवी आली की मी आणखी एक प्रश्न टाकते: बाबा रे, ही प्रेस मुळात खाली येते तरी का? ज्या घरात चूलच पेटत नाही, तिथे कुणाचा हात भाजणार? माझी आई कुलूप लावून तीनदा ओढून बघायची, कोपऱ्यापर्यंत जाऊन परत यायची आणि चौथ्यांदा ओढायची. आम्ही भावंडं पोट धरून हसायचो. ती खोड नेमकी माझ्याच पदरात पडली.

तर ही प्रेस. गेल्या वर्षीची गोष्ट. ब्रेक विकणाऱ्याच्या कागदावर लिहिलं होतं, ब्रेक साठ मिलिसेकंदांच्या आत पकडतो. कागदाचं काय, कागद काहीही सोसतो. मी वेळ मोजायचं मीटर घेऊन मागच्या शेडमध्ये गेले आणि मोजलं. ब्रेकचे गुटके जरा झिजले की सत्तरच्या आत ब्रेक पकडतच नव्हता. मी सॉफ्टवेअरमध्ये सत्तर घातले. लाल. हात आत, हुकूम सुटलेला, ब्रेक दहा मिलिसेकंद उशिरा, बोटं खाली. सगळं पायरी पायरीने.

तो लाल कागद मी साहेबांना दाखवला. ते म्हणाले, विकणारा साठ म्हणतो ना, मग जबाबदारी त्याची, साठ घाला. तीन दिवस मी भांडले. तिसऱ्या दिवशी ते भर ऑफिसात म्हणाले, "शंकासुराला विचारून कारखाना चालवला तर फाटकाला कुलूप लागेल." सगळे हसले. मीही हसले. त्या हसण्याची मला अजून लाज वाटते.

मग जागेवर येऊन त्याच फाइलच्या नव्या पानावर साठ लिहिले आणि सॉफ्टवेअर चालवलं. हिरवी. घ्या तुमची हिरवी, असं मनातल्या मनात म्हणून रागाच्या भरात सही ठोकली. माझा तो दुसरा प्रश्न त्या दिवशी मी विचारला नाही. एकोणीस वर्षांत तेवढा एक दिवस.

चौकशीवरून उठले ती थेट माझ्या टेबलापाशी. जुनी फाइल उघडली आणि प्रश्न टाकला: ही प्रेस कधी खाली येते का? पापणी लवायच्या आत उत्तर आलं. नाही.

कारण शोधायलाही वेळ लागला नाही. नव्या पानावर मी साठ लिहिले होते, पण जुन्या पानावरचे सत्तर खोडायचे राहून गेले होते. एक नियम म्हणत होता, ब्रेकने साठच्या आत पकडलंच पाहिजे. दुसरा म्हणत होता, सत्तरच्या आधी तो पकडणारच नाही. प्रत्येक ठोक्याआधी प्रेस ब्रेक एकदा आजमावते. त्या पहिल्याच आजमावणीत माझ्या फाइलमधलं घड्याळ साठवर अडकलं ते अडकलंच. ती प्रेस जन्मात एकदाही खाली आली नव्हती. मग कुणाच्या हातावर येणार, कपाळ?

घरी आल्यावर नवऱ्याला सांगितलं. तो शेंगा सोलत होता. सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "हे दुसऱ्या कुणाला कळेल?"

"नाही. ती फाइल वाचणारं तिथं दुसरं कुणी नाही."

"तुझी नोकरीची अजून सहा वर्षं राहिलीत."

मी टरफलं गोळा केली. त्याने आणखी दोन शेंगा सोलल्या. "तू बोलणारच आहेस," तो म्हणाला. "मला कशाला विचारतेस?"

सोमवारी बोलले. अधिकाऱ्यांना आधी काही उमगेना, तेव्हा चुलीचं उदाहरण दिलं. मग गेल्या वर्षीचा लाल कागद तारखेसकट टेबलावर ठेवला आणि म्हटलं, ही बाई खरं बोलतेय, हे मी तिची बोटं जायच्या आधी पाहिलं होतं. साहेब दोन मिनिटं पांढरेफटक पडले. मग सावरले. माझ्याकडे हात करून मोठ्या दुःखाने म्हणाले की बाईंवर आम्ही डोळे मिटून विश्वास टाकला होता, एवढी ढोबळ चूक त्यांच्या हातून होईल असं वाटलं नव्हतं. लाल कागदाबद्दल म्हणाले, ती नुसती चर्चा होती. लबाड लांडगा. पण चूक माझीच होती, आणि मी ती स्वतःच्या तोंडाने नुकतीच कबूल केली होती.

आठ दिवसांनी अहवाल आला. प्रेसवाली निर्दोष. कारण: मानवी चूक. शब्द तेच ठेवले होते, फक्त माणूस बदलला होता. ब्रेकचं नाव कुठेच नव्हतं.

शेवटच्या दिवशी पिशवीत कप, स्वेटर आणि माझं स्वतःचं मीटर भरून निघाले. निरोप द्यायला कुणी उठलं नाही. फाटकाशी प्रेसवाली थांबली होती. तिला आता स्टोअरमध्ये बसवलंय. पट्टी निघाली होती.

"बाई, तुमच्या त्या फाइलमध्ये प्रेस खालीच येत नाही म्हणालात ना?"

"हो."

"म्हणजे तिथं माझी बोटं शाबूत आहेत."

टोमणा नव्हता तो. असता तर बरं झालं असतं. मी म्हटलं, माझं चुकलं. ती म्हणाली, ठाऊक आहे.

मागे शेडमध्ये प्रेस सुट्टीपुरती थांबली होती. तोच ब्रेक. मी विचारलं, आता तिथे कोण आहे?

"नवीन बाई लावलीय. मी रोज जेवणाच्या सुट्टीत जाऊन सांगते, पडद्यावर विसंबू नको, आधी बटण बंद कर आणि मग हात घाल."

"ऐकते का?"

"हसते. म्हणते, मावशी, तुम्ही फार शंका घेता."

सुट्टी संपल्याची घंटा झाली, प्रेस पुन्हा सुरू झाली. ती आत निघाली. प्रेसचा ठोका पडला की तिचा डावा हात उजव्या हातावर जात होता, आणि ती चालतच होती. मी पिशवीतून ब्रेक मोजलेलं ते मीटर काढून पुढे धरलं आणि तिला हाक मारली.